ओगराळं माझ्या हातात

आमचा पडदा आई सोमवारी धुवायची. पडदा म्हणजे दाराखिडकीचा नव्हे. बाबा सरकारी प्रचारगाडीवर सिनेमाचं यंत्र चालवत, आणि गावोगावी दोन बांबूंमध्ये ताणला जाणारा तो पांढराशुभ्र पडदा आठवडाभराच्या धुळीने मातकट होऊन घरी परतत असे. नांदेडला असताना ती तो गोदावरीच्या घाटावर नेई, निळीत बुडवून काढी आणि वाळूवर पसरून त्याच्या चारही कोपऱ्यांवर गोटे ठेवी. पुढे शेजारच्या जिल्ह्यातून लातूर वेगळा जिल्हा झाला. नांदेडच्या कार्यालयाने आपली जुनी गाडी नव्या जिल्ह्याला देऊन टाकली आणि गाडीबरोबर बाबांनाही दिलं. त्या यंत्राची खडखड दुसऱ्या कुणाला समजत नाही, असं त्यांचे साहेब हसत म्हणाले होते. लातुरात तेव्हा कचेऱ्या भाड्याच्या घरांत होत्या, टेबलांच्या पायांना अजून सुतळी बांधलेली होती आणि फायलींवर जुन्याच जिल्ह्याचं नाव होतं. आम्हाला दोन खोल्या मिळाल्या, आणि एक नळ, ज्यातून पाण्यापेक्षा वाराच जास्त येत असे. दुसऱ्या वर्षीही पाऊस झाला नाही तेव्हा आईने पडदा धुणं बंद केलं. ती डागांवर खडूची पूड चोळायची. बाबा काही बोलले तर म्हणायची, "माझी गंगा तिकडं ऱ्हायली. इथं लोकांना प्यायला न्हाई, अन् मी तुमचा पडदा धुवू का?"

बाबांच्या पत्र्याच्या पेटीत सात-आठ रिळं कायमची असत. घरी यंत्र दुरुस्त करताना ते त्यांतलं एखादं भिंतीवर लावून बघत. चुलीवर येसराची आमटी उकळत असे, आणि तिच्या वासात मी ती चित्रं इतक्या वेळा पाहिली की त्यांतला कोणता माणूस केव्हा वळून बघणार हे मला पाठ होतं. बहुतेक कथा सारख्याच असत. धुरळा उडवत एक जीप येई. तीतून स्वच्छ कपड्यांतला डॉक्टर, शिक्षक किंवा खादी नेसलेल्या ताई उतरत. गाव गोळा होई. कुणीतरी आजारी मूल पुढे करी, ताई ते उचलून घेत, आणि बासरी वाजू लागे. त्या गावातली माणसं कधी बोलत नसत. त्यांच्याविषयी एक भारदस्त आवाज बोलत असे. घेणाऱ्याचा चेहरा कॅमेरा अगदी जवळून दाखवी, आणि देणाऱ्याचे हात. करुणा म्हणजे काय ते मी त्या भिंतीवर शिकलो. ती बाहेरून येते, वाहनातून उतरते आणि तिच्यासाठी संगीत वाजतं, असा माझा समज होता. पुढे तीस वर्षं मी समाजकार्य शिकवलं. वर्गातल्या मुलांनी हाच समज घरून बरोबर आणलेला मला दिसे, आणि दरवेळी मान खाली घालावीशी वाटे.

मी एकोणीस वर्षांचा होतो. लातुरातल्या एका सेवाभावी संस्थेने दुष्काळी गावांत मुलांसाठी ज्वारीच्या कण्या शिजवून देण्याची केंद्रं उघडली, आणि जळकोटच्या बाजूच्या एका गावातल्या केंद्रावर माझी नेमणूक झाली. त्या गावाचं नाव मी लिहीत नाही. तिथल्या लोकांना एकदा सगळ्यांपुढे नेऊन ठेवलं, तेवढं पुरे आहे. आठवडाभर मी शाळेच्या खोलीत राहायचो आणि शनिवारी एस.टी.ने घरी यायचो. कागदावर केंद्र माझं होतं. प्रत्यक्षात ते शिवकांताअक्कांचं होतं. अक्का चाळिशी ओलांडलेल्या, लिंगायत घरातल्या, नवरा वारल्यावर एकट्याच राहणाऱ्या. गळ्यात चांदीच्या करंडीतलं लिंग, कपाळावर विभूतीची बोटं, आणि जीभ अशी की पहिल्याच दिवशी त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहून विचारलं, "सायब, तुमाला चूल पेटिवता येती का नुसतं बोलताच येतं?" मला येत नव्हती. त्यांनी शिकवली.

अक्का सकाळी पूजा आटोपली की शाळेला लागून असलेल्या आपल्या घराच्या माळवदावर चढत आणि गावाकडे बघत उभ्या राहत. मला वाटे, त्या सूर्याला नमस्कार करतात. आठवडाभराने कळलं की त्या धूर बघतात. कुणाच्या घरातून धूर निघाला नाही ते त्या लक्षात ठेवत आणि खाली उतरून एखादं काम शोधून काढत. "सुताराकडं दोन दिस धूर न्हाई," त्या म्हणत, आणि सुताराच्या बायकोकडे निरोप धाडत, की माझा हात दुखतोय, कण्या निवडायला तुझ्या पोरी जरा पाठव. सुताराच्या त्या दोघी लहान मुली यायच्या, मूठभर कण्या निवडायच्या, पोटभर जेवायच्या. जाताना अक्का त्यांच्याजवळ झाकण घातलेला तांब्या देत. "आईला म्हनावं, मीठ बराबर पडलं का बघून सांग." ते मीठ कधीच कमी पडलेलं नसे.

"अक्का, सरळ जेवायला बोलावलं तर?" मी एकदा विचारलं.

"तुला कुनी सरळ बोलावलं तर तू जाशील का रे, सुधाकर?"

"भूक असंल तर जाईन."

"मग तुला अजून भूक लागली न्हाई," त्या म्हणाल्या, आणि कण्या ढवळू लागल्या.

त्यांची स्वतःची एक रीत होती. केंद्राच्या धान्यातला कण त्यांनी कधी तोंडात घातला नाही. घरून फडक्यात बांधून भाकरी आणायच्या, त्यावर लाल ठेचा, आणि सगळी पंगत उठल्यावर भिंतीकडे तोंड करून ती खायच्या. "आमच्या घरात दासोह व्हायचा, यील त्याला जेवन," त्यांनी सांगितलं होतं. "जो वाढतो त्यानं त्यात हात घालू न्हाई, असं माजा बाप म्हनायचा." एकदा संस्थेचं धान्य आठ दिवस उशिरा आलं. तेव्हा उदगीरला भुसाराचं दुकान असलेल्या भावाकडून त्यांनी ज्वारीची दोन पोती मागवून घेतली. ती त्यांच्यासाठी आली असं गावाला वाटलं. ती शिजली मात्र केंद्राच्या चुलीवर.

त्या हिवाळ्यात मुंबईहून दुष्काळी कामांवर माहितीपट काढणारी मंडळी आली. दिग्दर्शक मृदू बोलणारे गृहस्थ होते. त्यांना दोष देऊन मला मोकळं होता येणार नाही. मी त्यांना अक्कांविषयी सगळं सांगितलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ते आमच्याबरोबर माळवदावर आलेसुद्धा. बराच वेळ कॅमेऱ्याला डोळा लावून त्यांनी गाव पाहिलं, आणि उतरताना खरंच हळहळत म्हणाले, "फार सुंदर आहे हो. पण नसलेला धूर मी दाखवू कसा?" त्यांना पंगतीत बसलेल्या आया हव्या होत्या. गावातल्या बाया त्या वेळी तलावाच्या मातीकामावर गेलेल्या. शेवटी त्यांनी अक्कांकडे पाहिलं. उन्हाने रापलेला चेहरा, विटलेलं लुगडं. मग माझ्याकडे पाहिलं. "यांना मुलांच्या पंगतीत बसवू. ओगराळं तुम्ही घ्या. तुमचा चेहरा स्वच्छ आहे."

मी एक वाक्य बोललो असतो तर पुरे होतं. केंद्रावर वाढायचं ते लांब दांड्याचं ओगराळं अक्कांशिवाय कुणी हाती धरत नाही, एवढंच. त्याऐवजी मी अक्कांपाशी गेलो आणि म्हणालो, "घडीभर बसा, अक्का. खोटं खोटंच हाय. ह्यो सिनेमा मुंबईला दाखवतील, मग आपलं धान्य बंद व्हायचं न्हाई."

"असं ते सायब म्हनले का तूच म्हनून राहिलास?"

"सायब म्हणले."

साहेब असं काही म्हणाले नव्हते. अक्कांनी माझ्या तोंडाकडे पाहिलं, ओगराळं पदराला पुसलं आणि माझ्या हातात दिलं. मग त्या सुताराच्या मुलींच्या शेजारी मांडी घालून बसल्या. ताट थोडं वर धरा, आता वाढणाऱ्याकडे बघा, असं त्यांना सांगण्यात आलं. तीनदा घेतलं. तिसऱ्यांदा त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मला वाटलं, या किती छान काम करतात. चित्रीकरण संपल्यावर आपल्या ताटातलं त्यांनी मुलींच्या ताटांत ओतलं, ताट राखेने घासलं आणि भिंतीकडे तोंड करून आपल्या भाकरीचं फडकं सोडलं.

शासनाला चित्रपट घाईने हवा होता. चैत्राच्या सुमाराला त्याचं रीळ बाबांच्या पेटीत आलं. बाबांनी ते पहिल्यांदा घरच्या भिंतीवर लावलं. त्यात मी होतो. जीप नव्हती, पण तिची उणीव जाणवू नये असा मी दिसत होतो. बासरी होती. भारदस्त आवाज म्हणत होता की भुकेल्या मातेच्या ताटात तरुण हात माया वाढत आहेत. आईने डोळे पुसले आणि शेवटच्या वाटीभर रव्याचा शिरा केला. "चेहरा बरा येतो तुझा," बाबा म्हणाले. ते फारसं कौतुक करणारे नव्हते, म्हणून ते वाक्य मी फार दिवस जपून ठेवलं.

पुढच्या आठवड्यात बाबांची गाडी उदगीरला गेली. बाजाराचा दिवस होता. दिवेलागणीला मैदान भरून गेलं. त्या गर्दीत अक्कांचे भाऊ वीरभद्रप्पा होते. दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीने ते गावात आले. मी शाळेच्या दारात होतो. मला ओलांडून ते थेट अक्कांच्या घरात गेले. तासाभराने अक्का ट्रंक आणि शेगडी घेऊन त्यांच्या मागे निघाल्या. माझ्यासमोर थांबून म्हणाल्या, "कण्याला खालून लागू देऊ नको. हलवत ऱ्हा." आणि गेल्या.

तोवर मला वाटत होतं की केंद्र चालवणं मला येतं. दुसऱ्या दिवशी मी त्या माळवदावर चढलो. धूर दिसला, पण तो कुणाचा आणि कुणाचा नाही, हे मला उमगेना. गावातली घरं मला खालून ओळखता येत होती, वरून नाही. मग मला जे पाठ होतं ते मी केलं. थाळी वाजवून मुलांना हाका मारल्या. जी मुलं रोज येत ती आली. सुताराच्या मुली आल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी मी स्वतः कण्यांचं पातेलं घेऊन त्यांच्या दारात गेलो, चित्रपटातल्यासारखा, भर दुपारी, गल्लीतल्या सगळ्यांच्या देखत. सुताराच्या बायकोने दार अर्धवट उघडलं. "आमी जेवलो, सायब," ती म्हणाली, आणि दार लावून घेतलं. आतून धाकट्या मुलीचं रडणं ऐकू येत होतं. चार दिवसांनी त्या दाराला कुलूप दिसलं. धर्माबादकडे गेले, असं कुणी सांगितलं; दुसरं कुणी आणखी काही. त्या मुली आज पंचेचाळिशीच्या असतील. असतील, असंच मी लिहितो.

महिनाअखेर केंद्र बंद झालं आणि मी उदगीरला गेलो. वीरभद्रप्पा दुकानात पोत्यांच्या थप्पीला टेकून बसले होते. "या," ते म्हणाले. "माझी बहीन ताट धरून बसल्याली अख्ख्या उदगीरनं बघितली. गिऱ्हाईक मला इचारतंय, आप्पा, बहिनीला उपाशी ठिवली व्हती का? काय सांगू मी त्याला? तुमीच सांगा, शिकलेले हाव."

आतून अक्कांनी हाक मारली. त्यांनी मला पाटावर बसवलं आणि वाढलं. भाकरी, वरण, शेंगदाण्याची चटणी. मी जेवेपर्यंत त्या वाढत राहिल्या. मग माझ्या ताटाकडे बघत म्हणाल्या, "घेन्यात लाज न्हाई रे. मी घेतलं असतं तर म्हनले असते, घेतलं. पन मी घेतलं न्हाई ना."

"चुकलं, अक्का."

"आप्पाचं सोड. त्याचा राग दिवाळीला उतरंल. माजं येवढंच हाय, की मी मेल्यावर बी त्यात मी ताट धरूनच बसनार." मग त्यांनी विचारलं, "तुजा बाप ती फिलीम चालवतो म्हनं. तेवढा तुकडा काढता येतो का त्याला?"

विचारतो, म्हणालो. तेवढं मात्र मी केलं. घरी आल्यावर बाबांना सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि रीळ काढून टेबलावर ठेवलं. शेजारी कात्री आणि फिल्म चिकटवण्याच्या तीव्र वासाच्या द्रावणाची बाटली ठेवली. "रीळ रोजच तुटतं," ते म्हणाले. "तुटलं की दोन बोटं कापायचं अन् जोड मारायचा. आजवर कुणी इचारलं न्हाई. सांग, कापू?"

टेबलावर फिल्मची पट्टी होती. त्या तुकड्यात अक्का होत्या, आणि मी होतो. अक्का ताट वर धरतात आणि मी वाकून वाढतो, हे एकाच चौकटीत होतं. अक्का काढायच्या तर मीही जाणार होतो. आणि त्या रविवारी गाडी लातूरच्या मैदानावर लागणार होती. कॉलेजातले माझे सगळे मित्र येणार होते. एवढंच कारण होतं. पुष्कळ वर्षं मी त्याहून मोठं एखादं कारण शोधत राहिलो, म्हणजे निदान अपराधाला काही उंची तरी आली असती. ते सापडलं नाही.

"सरकारी रीळ हाय, बाबा," मी म्हणालो. "राहू द्या."

बाबांनी क्षणभर माझ्याकडे पाहिलं. त्या पाहण्यात राग असता तर बरं झालं असतं. त्यांनी बाटलीचं बूच घट्ट केलं आणि कात्री खणात ठेवली. रविवारी मैदानावर मित्रांनी माझ्या नावाने शिट्ट्या वाजवल्या. ज्येष्ठात, दिग्दर्शकांच्या शिफारशीने, मी मुंबईला समाजकार्याच्या शिक्षणासाठी गेलो. मुलाखतीत मला केंद्राविषयी विचारलं गेलं. मी धुराची गोष्ट सांगितली. माळवदावर रोज सकाळी कोण चढत असे ते मात्र नीटसं सांगितलं नाही, आणि ऐकणाऱ्यांनी तो मीच असं समजून घेतलं.

बाबा गेले त्याला आता सहा वर्षं झाली. त्यांच्या सामानात पत्र्याचा एक चपटा डबा होता आणि त्यात तुटक्या फिल्मचे तुकडे. त्यांतला एक तेवढा कागदात गुंडाळलेला होता. मी तो खिडकीशी धरला. लहान लहान चौकटींत एकाखाली एक अक्का बसलेल्या होत्या, ताट वर धरून. आणि प्रत्येक चौकटीच्या कडेला माझा हात, ओगराळं, आणि माझा स्वच्छ चेहरा.

आठवडाभराने मी उदगीरला गेलो. वीरभद्रप्पा आता हयात नव्हते, अक्काही दोन वर्षांपूर्वी गेल्या होत्या. दुकानावर वीरभद्रप्पांचा मुलगा शिवराज होता. नाव सांगताच तो गल्ल्यावरून उठला आणि माझ्या पाया पडला. मी मागे सरलो.

"तुमी मुंबईला गेल्यावर तुमचे वडील आले होते," तो म्हणाला. "मी शाळेत होतो तेव्हा. त्यांनी तो तुकडा आत्याला उजेडात धरून दाखवला. म्हनले, पोरानं हट्ट धरला, अक्काचा तुकडा काढल्याबिगर मी मुंबईला पाऊल टाकनार न्हाई म्हनला. म्हनून काढला, अन् दाखवायला आनला. आत्या मरेपर्यंत सांगायची. चुकला, म्हनायची, पन मोठ्या मनाचं पोरगं."

तोवर जेवणाची वेळ झाली होती. आत्याने सांगून ठेवलंय, तो आला तर जेवल्याशिवाय धाडू नका, असं म्हणत शिवराजने मला आत नेलं. त्याच्या बायकोने पाट मांडला. भिंतीवर अक्कांचा फोटो होता, विभूती लावलेला. मी ताट पुढे केलं. भाकरी वाढली गेली, वरण वाढलं गेलं, आणि माझ्या वडिलांनी माझ्या नावावर टाकलेलं ते सगळं मी मुकाट्याने खाल्लं. "अजून थोडं," शिवराजची बायको म्हणाली, आणि मी नको म्हणालो नाही.

त्या घरात मी खरं सांगितलं नाही. सांगायचं म्हणूनच गेलो होतो. हे प्रकरण छापायला देण्याआधी त्याची एक प्रत, त्या तुकड्यासह, मी उदगीरच्या दुकानावर पाठवतो आहे. ती वाचल्यावर माझ्यासाठी पुन्हा पाट मांडायचा की नाही, ते त्यांनी ठरवायचं.